भुताच्या गाडीपेक्षा तो कोट पाहावा

मा. संपादक,
स. न. वि. वि.

रविवारच्या पुरवणीतला मूकपटांवरचा लेख वाचला. ‘द फँटम कॅरेज’ या १९२१ च्या स्वीडिश चित्रपटाची दखल घेतलीत, बरे वाटले. पण सगळे कौतुक झाले ते छायाचित्रणाचे. हाताने फिरवायच्या कॅमेऱ्यात तीच फिल्म मागे घेऊन पुन्हा चित्रण करायचे आणि मृत्यूची आरपार दिसणारी घोडागाडी उभी करायची, ही करामत खरीच. तेवढ्यावर मात्र चित्रपट शंभर वर्षे टिकत नाही.

त्यातला डेव्हिड होल्म दारुडा, वर क्षयाने पोखरलेला. एका रात्री तो साल्व्हेशन आर्मी या ख्रिस्ती सेवाभावी संस्थेच्या आश्रयगृहात येतो. तो झोपलेला असताना सिस्टर एडिट जागून त्याचा फाटका कोट शिवते. सकाळी हा पठ्ठ्या तिच्यादेखत सगळी ठिगळे टराटरा फाडतो, वर तिचीच चेष्टा करतो. तिला क्षय जडतो तो या कोटापायी. दुसऱ्याचा चांगुलपणा ज्याला सोसवत नाही, असा माणूस व्हिक्टर शोस्ट्रोम यांनी नुसत्या चेहऱ्यावर दाखवला आहे. दिग्दर्शनही त्यांचेच.

आपल्याला इथे सुधाकर आठवणारच. ‘एकच प्याला’त गडकऱ्यांनी त्याला परतीची वाट ठेवली नाही. सेल्मा लागरलोफ यांच्या कादंबरीवरच्या या कथेत डेव्हिडला ती मिळते, पण फुकट नाही. बायको मुलांना विष देऊन स्वतःही घ्यायच्या तयारीत आहे, हे मेलेल्या डेव्हिडचा आत्मा नुसता बघत उभा राहतो. तिचा हात धरता येत नाही. त्यानंतरचा शेवट मला जरा घाईचा वाटतो. तरी डेव्हिड देहात परत आल्यावर बायको त्याच्यावर लगेच विश्वास ठेवत नाही, ही दिग्दर्शकाची समज. इतके सोसलेली बाई ठेवील कशी?

कथा ३१ डिसेंबरच्या रात्रीची, आणि चित्रपट झळकला तोही १ जानेवारीला. आपल्याकडे ‘थर्टीफर्स्ट’ला काय चालते ते सांगायला नको. फिल्म सोसायट्यांनी तो डिसेंबरात जरूर दाखवावा. फक्त मागे ढणढण संगीत लावू नये. आपल्या मूकपटांच्या काळात पडद्याशेजारी पेटी-तबला असे, पडद्यावरच्या मजकुराच्या पाट्या मोठ्याने वाचून दाखवणारा असे. पाट्यांचे मराठी करून देणारे हौशी लोक गावोगाव सापडतील. पेटीवाला नाहीच मिळाला, तर बिनआवाजाचा दाखवा.

आपला,
एक वाचक, कोल्हापूर