हार्टमन साहेब, त्या दिवशी तिला कुणी उचललं नाही

आदरणीय गॉर्डन हार्टमन साहेब,
सप्रेम नमस्कार.

आपली ओळख नाही. माझी लेक अकरा वर्षांची आहे, तिला सेरेब्रल पाल्सी (मेंदूतल्या दोषामुळे स्नायूंवर नीट ताबा राहत नाही) आहे, ती व्हीलचेअर वापरते. जूनमध्ये आम्ही अमेरिकेतल्या टेक्सासमध्ये ऑस्टिनहून सॅन अँटोनिओला आलो आणि दिव्यांगांनाही खेळता येईल अशा तुमच्या 'मॉर्गन्स वंडरलँड' पार्कमध्ये अख्खा दिवस घालवला. सोबत साताऱ्याहून आलेल्या सासूबाई होत्या. मराठीत लिहितेय, कारण मनापासून आभार मानायचे तर मला हीच भाषा येते, आणि अशी मुलं घरात असलेल्या मराठी आईबापांनीही हे वाचावं असं वाटतं.

गावची जत्रा असो की इथलं मोठं पार्क, आम्हाला एकच ऐकायला मिळायचं: खुर्ची बाहेर ठेवा, मुलीला उचलून बसवा. ती लहान होती तोवर तिचा बाबा उचलायचा. आता तिचं वजन वाढलंय, आणि चारचौघांत उचललेलं तिला आवडत नाही. मागच्या वर्षी एका ठिकाणी पाऊण तास रांगेत उभं राहून नंबर आला, आणि नियमात बसत नाही म्हणून आम्हाला परत पाठवलं. "मी इथूनच बघते," ती म्हणाली. हे वाक्य तिला इतकं सवयीचं झालंय की ते ऐकलं की माझ्या पोटात कालवतं.

तुमच्या मेरी-गो-राउंडवर ती खुर्चीसकट गेली. खुर्ची नीट बांधून झाली आणि पाळणा फिरू लागला. शेजारचा घोडा वर गेला तशी तिची खुर्चीही वर गेली! मला वाटलं होतं, खुर्च्यांची जागा एका कोपऱ्यात असेल, फिरेल पण हलणार नाही. सासूबाई बाजूला बसल्या होत्या. "अगं, ही बघ माझ्याही वर गेली," असं म्हणत त्या हसत होत्या आणि डोळे पुसत होत्या. लेक तीनदा बसली. तिन्ही वेळा तिला कुणी उचललं नाही.

तुमच्या दिव्यांग लेकीची, मॉर्गनची गोष्ट मी आधी वाचली होती. सुट्टीत हॉटेलच्या पोहण्याच्या तलावात ती इतर मुलांशी खेळायला गेली आणि ती मुलं तलावातून बाहेर निघून गेली. ते तुम्ही पाहिलंत. ते असं बघत राहणं मला माहीत आहे, साहेब. घरं बांधण्याचा चांगला चाललेला धंदा तुम्ही २००५ मध्ये विकलात, पत्नी मॅगीताईंसोबत फाउंडेशन काढलंत, डॉक्टरांना, थेरपिस्टना, पालकांना विचारत बसलात आणि २०१० मध्ये दगडाच्या जुन्या खाणीच्या जागेवर २५ एकरांचं हे पार्क उघडलंत. त्यासाठी पैसा उभा राहावा म्हणून फुटबॉलचा संघसुद्धा काढलात. दिव्यांगांना प्रवेश फुकट, हे फाटकावर कळलं तेव्हा मी पर्स हातात धरून नुसती उभी राहिले.

दुपारी पाण्यात गेलो. २०१७ मध्ये सुरू केलेल्या तुमच्या 'इन्स्पिरेशन आयलंड' या पाण्याच्या पार्कमध्ये पाणी कोमट करता येतं. हे ज्याला सुचलं त्याच्या मी पाया पडेन. गार पाण्यात माझ्या लेकीचे पाय लाकडासारखे आखडतात, पाच मिनिटांत बाहेर काढावं लागतं. तिथे ती तासभर भिजली. पाण्यात चालणारी खुर्चीही तिथेच मिळाली. बॅटरी नाही, दाबलेल्या हवेवर चालते, पिट्सबर्ग विद्यापीठाच्या लोकांनी बनवलेली. एका अनोळखी मुलाने तिच्यावर बादलीभर पाणी ओतलं. ती किंचाळली आणि खुर्ची वळवून त्याच्या मागे लागली. मी काठावर टॉवेल घेऊन उभी होते, आणि तिने माझ्याकडे वळूनही पाहिलं नाही.

तुमच्याकडे काम करणाऱ्यांत बरेच जण स्वतः दिव्यांग आहेत. त्यांतल्या एका मुलीने लेकीचा पट्टा लावताना आधी तिला विचारलं, मला नाही. तिलाही आमचा नमस्कार सांगा. मॉर्गनला खूप आशीर्वाद, सासूबाईंचे आणि माझेही.

तुमची ऋणी,
ऑस्टिनमधली एक आई