'जांतार' कधी जेवायचं?

प्रिय विन्या,

किती महिने गप्प होतो ते काढू नकोस. गुडघा आहे तसाच आहे. जुन्या पोर्तुगीज पत्रांच्या आपल्या मराठी संग्रहाचं प्रूफ आलंय, आणि कुणीतरी सगळीकडे 'जांतार' या जेवणाच्या पोर्तुगीज शब्दाचं सरसकट 'रात्रीचं जेवण' करून टाकलंय! हे तुझ्याशिवाय सांगू कुणाला? कुमुदताई म्हणतील, जेवले ना, मग झालं.

पण आता अठराव्या शतकातला पाद्री रात्री जेवून निघतो आणि त्याच दिवशी उजेडी मुक्कामाला पोचतो. कोश आजचा वापरलाय, दुसरं काय! आज पोर्तुगालमध्ये अल्मोसू दुपारी, जांतार रात्री. तेव्हा अल्मोसू सकाळी, जांतार दुपारी, रात्री सेया. मूळ लॅटिन 'येंतारे' तर सकाळचं खाणं. शब्द सरकत सरकत रात्रीवर गेलाय. १९व्या शतकात शहरातल्या बड्या घरांनी जेवणं उशिरावर नेली. सकाळच्या खाण्याला मग फ्रेंचांच्या नकलेवर 'पिकेनू-अल्मोसू', म्हणजे छोटं अल्मोसू, असं नाव पडलं. खेड्यांत जुनी रीत टिकली, म्हणून नुसत्या सालावर जाऊ नये.

मी असं तपासतोय: त्याच पत्रात संध्याकाळनंतर 'सेया' आली, की जांतार दुपारचं. नसेल तर तास, ऊन, दिवे, पुढचा प्रवास बघायचा. तरीही कळेना, तर नुसतं 'जेवण' लिहायचं, वेळ आपल्या पदरची घालायची नाही. 'मेरेंदा' मधल्या वेळचं खाणं, त्याला हात नको. 'लांश' दिसलं तर मजकूर अलीकडचा समज. शब्द इंग्रजी 'लंच'चा, पण अर्थ मधल्या वेळचं खाणं. ब्राझीलची 'काफे दा मान्यां' आणि अंगोलातला 'माता-बिशू' (किडा मारणारा, उपाशी पोटाला काय सुचेल!) दोन्ही सकाळचे, पण आपल्या पत्रांत नाहीत.

'अल' बघून तू अल्मोसू अरबी ठरवून भांडला होतास, आठवतं? धातू लॅटिन, चावण्याचा. 'अल' मात्र अरबी वळणाचा मानतात. अर्धा गुण देतो, मिशीला पीळ देऊ नकोस.

तुझं घराचं काम संपलं का? धाकटीचा निकाल कळव. आणि सोमवारच्या आत सांग: 'जांतार' ठेवून तळटीप द्यावी, की सरळ 'दुपारचं जेवण' करावं? मी दुसऱ्याकडे झुकलोय. पाचव्या पत्रात मात्र नुसतं 'जेवण'च, तिथे ना सेया आहे, ना दिवा.

तुझा,
बाळ्या