घड्याळातले टिंब आणि गणितातले टिंब

महोदय,

शिष्यवृत्ती परीक्षेची तयारी करणारी काही शाळकरी मुले संध्याकाळी माझ्याकडे गणितासाठी येतात. वेग, अंतर आणि वेळ यांची उदाहरणे त्यांना जमत नाहीत, अशी पालकांची नेहमीची तक्रार असते आणि सूत्र पाठ नसल्यामुळे असे होते, असा त्यांचा समज असतो. माझा अनुभव वेगळा आहे. अंतर भागिले वेळ म्हणजे वेग, हे यातल्या कोणत्याही मुलाला झोपेतून उठवून विचारले तरी सांगता येते. चूक होते ती त्याच्या आधी, वेळ मांडताना.

गेल्या आठवड्यात मी उदाहरण घातले : कोल्हापूरहून सुटलेली एसटी 48 किलोमीटरवरच्या सांगलीला 1 तास 20 मिनिटांत पोहोचली, तर तिचा सरासरी वेग किती? सातपैकी पाच जणांनी 48 भागिले 1.20 असे मांडले आणि ताशी 40 किलोमीटर हे उत्तर काढले. बाकी न उरता भाग गेल्यामुळे कोणाला शंकाही आली नाही. मी विचारले, "या वेगाने पहिल्या तासात गाडी किती जाईल?" उत्तर आले, 40. "आणि राहिलेल्या 20 मिनिटांत?" एका मुलीने तोंडी हिशेब केला, 13 किलोमीटरहून थोडे जास्त, आणि हसत म्हणाली, "सर, मग गाडी सांगली सोडून मिरजेच्या वाटेला लागली की!" 20 मिनिटे हा तासाचा तिसरा हिस्सा असल्याने वेळ चार तृतीयांश तास धरावी लागते आणि खरा वेग ताशी 36 किलोमीटर येतो.

हा दोष मुलांच्या बुद्धीचा नव्हे. बसस्थानकावरच्या फलकापासून लग्नपत्रिकेतल्या मुहूर्तापर्यंत सव्वापाचची वेळ त्यांना 5.15 अशीच दिसते, आणि तेच टिंब दशांश अपूर्णांकात मात्र निराळा अर्थ घेऊन येते, जिथे सव्वापाच म्हणजे 5.25 असतात. मग उत्तर 2.4 तास आले की मुले बिनदिक्कत 2 तास 40 मिनिटे लिहितात. वास्तविक ती 24 मिनिटे होतात. आमच्या आधीच्या पिढ्यांना पावकी, निमकी, सवायकी, दीडकी म्हणजे पाव, अर्धा, सव्वा, दीड यांचे पाढे पाठ असत, त्यामुळे दीड किंवा पावणेदोन तास कानावर पडताच डोक्यात अपूर्णांकच उभा राही. ते पाढे पुन्हा सुरू करावेत, असे माझे म्हणणे नाही. परंतु दशांश चिन्हाला हात घालण्यापूर्वी मिनिटांना 60 ने भागून तासाचा अपूर्णांक करण्याची सवय लावायला दोन तासिका पुरतात.

त्याऐवजी बहुतेक ठिकाणी त्रिकोण काढून त्यात वर अंतराचे आणि खाली वेग व वेळ यांचे आद्याक्षर लिहायचे आणि जे काढायचे ते अक्षर झाकायचे, ही युक्ती आधी शिकवली जाते. मराठीत वेग आणि वेळ या दोहोंचे आद्याक्षर 'वे'च असल्यामुळे कोणता 'वे' झाकायचा, येथपासूनच गोंधळ सुरू होतो. ताशी किलोमीटरचे सेकंदाला मीटर किंवा त्याउलट करताना 5/18 ने गुणायचे की 18/5 ने, हेही असेच घोकून घेतले जाते. वरच्या एसटीचेच पाहिले तर ती 3,600 सेकंदांत 36,000 मीटर जाते, म्हणजे सेकंदाला 10 मीटर. एवढे एकदा कळले की कशाने गुणायचे हे मूल स्वतःच ठरवते.

शिक्षण खात्याला सांगण्यासारखे पुष्कळ आहे, पण आपल्याला एक लहानशी विनंती करावीशी वाटते. आपल्या दैनिकातही कार्यक्रमांच्या वेळा 5.30 अशा छापल्या जातात. निदान विद्यार्थ्यांसाठीच्या पानावर तरी त्या 5:30 अशा, एकाखाली एक दोन टिंबे देऊन छापाव्यात.

आपला,
एक निवृत्त गणित शिक्षक,
राजारामपुरी, कोल्हापूर