फाब्री यांचे चित्रपट मराठी उपशीर्षकांसह दाखवा

संपादक महोदय,
स.न.वि.वि.

आपल्या रविवार पुरवणीतला हंगेरीच्या सिनेमावरचा लेख वाचला. बेला तार, इश्तवान साबो यांच्याबद्दल भरभरून लिहिलंय, ते रास्तच. पण झोल्तान फाब्री (१९१७-१९९४) या दिग्दर्शकांचं नावसुद्धा नसावं, याचं नवल वाटलं. लातूर-धाराशिवकडच्या माणसाला हंगेरीतला कोणी आपला वाटेल, तर तो हाच.

मी विविध कार्यकारी सोसायटीचा निवृत्त गटसचिव. कर्जवाटप, वसुली आणि सातबारा यांतच हयात गेली. १९५६ साली फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात गेलेला फाब्रींचा 'कोरहिंता' (म्हणजे जत्रेतला गोल फिरणारा पाळणा) पाहिला, तेव्हा आमच्याच तालुक्यातली भानगड कोणीतरी पडद्यावर आणली असं वाटलं. बाप सहकारी शेतीतून बाहेर पडलेला. रानाला रान जोडायचं म्हणून लेकीची सोयरीक जमीनवाल्याशी ठरवतो. लेकीचा जीव मात्र सोसायटीतल्याच एका पोरावर. जत्रेत साखळ्यांच्या पाळण्यात ती दोघं गरगर फिरतात. पुढे दुसऱ्याच कोणाच्या लग्नात नाचताना कॅमेराही त्यांच्याभोवती तसाच गरगरतो, आणि सगळं गाव बघत राहतं. नायिका मारी तोरोचिक हिचा हा पहिलाच मोठा चित्रपट.

नातवानं लॅपटॉपवर लावला तेव्हा माझी थोरली बहीण, अक्का, शेजारी बसली होती. इंग्रजी उपशीर्षकं तिला वाचता येत नाहीत. तरी मध्येच म्हणाली, "बापाला रान दिसालंय, लेक दिसंना." (आता मुलीचे बाप सातबाराही मागतात आणि पोरगा पुण्यात नोकरीलाही हवा म्हणतात, तो विषय वेगळा.)

पण सगळेच चित्रपट असे नुसत्या डोळ्यांनी कळत नाहीत. फाब्रींच्याच 'हूस ओरा'ला (म्हणजे वीस तास) १९६५ साली मॉस्को महोत्सवात मोठं पारितोषिक मिळालं. त्यात एक पत्रकार खेड्यात येतो आणि तिथल्या खुनाचा मागोवा घेतो. एकेकाळी एकत्र राबलेले गडी, त्यांना मिळालेली जमीन, मग सहकारी शेती, १९५६ चा कम्युनिस्ट राजवटीविरुद्धचा उठाव आणि मित्रानंच मित्रावर झाडलेली गोळी. चेअरमनकी आणि भावकी जवळून पाहिलेल्या माणसाला यातलं काहीच समजावून सांगावं लागणार नाही. फक्त बोलणं कळायला हवं. १९७६ चा 'अझ ओतोदिक पेचेत' (म्हणजे पाचवी मोहोर) तर जवळजवळ सगळा गप्पांचा. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात दारूच्या गुत्त्यात बसलेली माणसं आणि घड्याळजीनं टाकलेला पेच: जुलमी मालक होशील की छळला जाणारा गुलाम? ते सोडवायच्या आतच फाशिस्त त्यांना उचलून नेतात, आणि एका मरणासन्न कैद्याला थोबाडीत मारलीत तर सोडतो म्हणतात. उपशीर्षकं धावत वाचायची म्हटलं तर बी.ए. झालेल्यालाही हा चित्रपट अर्धाच कळतो. अक्का तर पहिल्या पंधरा मिनिटांत उठून भाकरी टाकायला गेली.

फाब्री मूळचे चित्रकार आणि रंगभूमीवरचे नट. स्वतःच्या बऱ्याच चित्रपटांची पटकथा त्यांनीच लिहिली. दिग्दर्शक पेतेर बाचो यांच्या 'अ तानू'त (म्हणजे साक्षीदार) मंत्र्याची भूमिकाही केली. तो चित्रपट सरकारनं दहाएक वर्षं डब्यात ठेवला होता.

माझी मागणी साधी आहे. छत्रपती संभाजीनगरच्या अजिंठा-वेरूळ चित्रपट महोत्सवानं आणि मराठवाड्यातल्या फिल्म क्लबांनी फाब्रींचे निदान हे तीन चित्रपट मराठी उपशीर्षकं करून घेऊन दाखवावेत. 'कोरहिंता'ची दुरुस्त केलेली प्रत २०१७ साली कानला पुन्हा दाखवली गेली, म्हणजे चांगली प्रत उपलब्ध आहे. दिल्लीत हंगेरीचं सांस्कृतिक केंद्र आहे, परवानगीसाठी तिथं पत्र टाकता येईल. भाषांतराला आपल्या महाविद्यालयांतली पोरं मिळतील, त्यांना मानधन मात्र द्या. आणि खेळ नुसते शहरातल्या मल्टिप्लेक्समध्ये नकोत. आमच्या गावात गोदामाची मोठी पांढरी भिंत आहे, सतरंज्या आणि लाईटचं आम्ही बघू. तारीख तेवढी सोयाबीनच्या राशी उरकल्यावरची धरा, आधी ठेवलीत तर कुत्रंही फिरकणार नाही.

आपला,
एक निवृत्त गटसचिव
ता. औसा, जि. लातूर