परीक्षणात एडिटरचं नाव छापा

संपादक साहेब, नमस्कार.

रविवारच्या पुरवणीतला जपानी हॉररपटांवरचा लेख दोनदा वाचला. भुतं आली, डायरेक्टरांची नावं आली, पण एडिटिंगबद्दल अवाक्षर नाही. मी अकरा वर्षं लग्नाचे व्हिडिओ एडिट करतोय, त्यामुळे हे मनाला लागलं.

शिनिचिरो उएदाचा 'वन कट ऑफ द डेड' घ्या. लेखन, दिग्दर्शन, एडिटिंग तिन्ही त्याचंच. टोकियोतल्या एका वर्कशॉपमधून निघालेला झॉम्बीपट, बजेट साधारण 30 लाख येन, म्हणजे तेव्हाचे आपले वीसेक लाख रुपये! जून 2018 मध्ये दोन थिएटरात लागला आणि बघणाऱ्यांनी एकमेकांना सांगून सांगून तो तीनशेच्या वर थिएटरात पोचवला.

सुरुवातीची 37 मिनिटं एकच शॉट आहे. बघताना वाटतं काहीतरी बिघडलंय, नट मध्येच गप्प होतात, एकमेकांना छंद विचारत बसतात, कॅमेरा जमिनीवर पडतो तो पडूनच राहतो. मग गोष्ट एक महिना मागे जाते आणि हाच शॉट पडद्यामागून दिसतो, तेव्हा प्रत्येक चुकीचं कारण कळतं (पुढचं सांगत नाही, न पाहिलेल्यांची मजा जाईल).

पडलेल्या कॅमेऱ्याचं असं फुटेज माझ्याकडे आलं तर मी ते आधी उडवतो, कस्टमरला दाखवत पण नाही. या माणसाने ते ठेवलं आणि अर्धा सिनेमा त्याच्यावर उभा केला. कॅमेरा जेवढे सेकंद जमिनीवर आहे तेवढ्यातच मागची सगळी धावपळ नंतर बसवून दाखवायची, हा हिशोब टेबलावर बसून कट मारलेल्या माणसालाच जमतो. प्रेक्षकाला काय आधी दाखवायचं आणि काय नंतर, आमचं रोजचं काम तेच तर आहे.

आपल्याकडेही हृषीकेश मुखर्जी आधी बिमल रॉय यांचे एडिटर होते, राजकुमार हिरानी पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये एडिटिंगच शिकले.

तुम्ही परीक्षणाशेजारी चौकट देता, त्यात निर्माता, गीतकार, अगदी पाहुणे कलाकार पण असतात. त्यात संकलकाची एक ओळ वाढवा एवढीच विनंती, पुढच्या शुक्रवारपासूनच सुरू केलीत तर फार बरं होईल.

– एक नियमित वाचक, कोल्हापूर