प्रकाशयोजना कुणाची, तेही छापा

मा. संपादक,
स. न. वि. वि.

जुन्या व्हिडिओ गेमना ‘रे ट्रेसिंग’चा, म्हणजे किरणांचा माग गणिताने काढून पाडलेला, प्रकाश जोडण्याबद्दल आपल्या रविवार पुरवणीत आलेला लेख वाचला. हा विषय मराठीत इतक्या सविस्तर आला याचा आनंद आहे. मात्र संगणकात नवं ग्राफिक्स कार्ड (चित्रं रचणारा भाग) बसवलं की जुन्या गेममध्ये खराखुरा प्रकाश आपोआप पडतो, असं त्यात म्हटलं आहे, त्याला माझी हरकत आहे. प्रकाश कुठून यावा आणि कुठे येऊ नये, हे कुणाला तरी ठरवावं लागतं. लेखात त्या माणसाचा उल्लेखच नाही.

मी सांगलीत राहते. नाटकांची प्रकाशयोजना हे माझं काम: हौशी संस्था, राज्य नाट्य स्पर्धा, अधूनमधून एखादा व्यावसायिक प्रयोग. गेम मी स्वतः खेळत नाही. भाचा पुण्यात गेम बनवणाऱ्या कंपनीत आहे. त्याच्याकडे गेले की तो खेळतो आणि मी शेजारी बसून बघते. खोलीतले शत्रू संपले की त्याला जरा थांबायला सांगते, म्हणजे दिवे कुठे लावलेत ते नीट पाहता येतं.

‘क्वेक २’ हा १९९७चा गेम. त्या काळच्या घरगुती संगणकाला खेळ चालू असताना प्रकाशाचं सगळं गणित करणं शक्य नव्हतं. म्हणून गेम रचणारे लोक प्रत्येक जागेत दिवे मांडायचे, मग वेगळा प्रोग्राम चालवून कोणत्या भिंतीवर किती उजेड पडेल, एका भिंतीवरून परतून दुसरीवर किती जाईल, हे आधीच काढून ठेवायचे. खेळताना तो तयार उजेड भिंतींवर नुसता चढवला जाई. या मर्यादेत त्यांनी केलेलं काम मला फार हुशारीचं वाटतं. दार अंधारात जातंय, खेळणाऱ्याला वाट सापडणार नाही, असं दिसलं तर त्या काळचे गेमवाले हवेतच एक दिवा ठेवून देत. बल्ब नाही, खांब नाही, फक्त उजेड. आम्ही रंगमंचावर हेच करतो. टेबलावरचा कंदील पेटलेला असतो आणि नटीच्या चेहऱ्यावरचा उजेड येतो झालरीमागच्या बेबी स्पॉटमधून. प्रेक्षक तो कंदिलाचाच मानतात.

‘क्वेक २’ बनवणाऱ्या आयडी सॉफ्टवेअरने २००१ मध्ये त्याचा सोर्स कोड, म्हणजे मूळ प्रोग्राम, सर्वांना खुला केला, म्हणून पुढचं सगळं घडू शकलं. जानेवारी २०१९ मध्ये क्रिस्टोफ शीड या जर्मन संशोधकाने त्यातला जुना, तयार उजेड काढून टाकून प्रत्येक किरणाचा माग काढणारी आवृत्ती लोकांसमोर ठेवली. जूनमध्ये ग्राफिक्स कार्ड बनवणाऱ्या एनव्हिडियाने त्यावरूनच ‘क्वेक २ आरटीएक्स’ काढला. किरणांचा माग काढण्याची ही पद्धत जुनीच: १९८० मध्ये बेल लॅब्स या अमेरिकी संशोधनसंस्थेतल्या टर्नर व्हिटेड यांचा तिच्यावरचा शोधनिबंध छापून आला, त्यातल्या आरशासारख्या गोळ्याच्या एका चित्राला त्या वेळच्या संगणकावर ७४ मिनिटं लागली होती. आता एका सेकंदात अशी ६० चित्रं लागतात. तेवढ्या वेळात प्रत्येक ठिपक्यामागे मोजकेच किरण सोडता येतात, त्यामुळे कच्चं चित्र दाणेदार निघतं. मग शेजारचे ठिपके आणि आधीची चित्रं यांचा आधार घेऊन ते दाणे पुसले जातात. शीड यांचं मुख्य संशोधन या पुसण्यावरच आहे, आणि माझ्या मते सगळ्या प्रकरणातली खरी कमाल तीच आहे.

परिणाम सुंदर आहे, हे मनापासून सांगते. बंदुकीतून सुटलेला पेटता गोळा बोळातून जाताना त्याचा उजेड भिंतींवरून सरकतो आणि खांबांच्या सावल्या त्याच्याबरोबर वळतात. पण त्याच गेममध्ये एक सोय आहे, तिने मला विचारात पाडलं. आकाशात सूर्य कुठे असावा, हे मेनूतून बदलता येतं. भाच्याने सकाळची संध्याकाळ केली, आणि मघाशी धास्ती वाटणारा चौक एकदम फिरायला जावं असा दिसू लागला. दोन्ही वेळी किरणांचं गणित तंतोतंत बरोबर होतं. मग त्या चौकात धास्ती वाटायला हवी की नको? हे कार्डाला विचारून उपयोग नाही.

नाटकात आम्ही हे अनुभवलं आहे. एका नाट्यगृहात हॅलोजनचे दिवे काढून एलईडी आले. वीज कमी, उष्णता कमी, हवा तो रंग बटणावर, सगळंच चांगलं. तिथे एका जुन्या नाटकाचा प्रयोग आम्ही पूर्वीच्याच योजनेबरहुकूम लावला आणि दुसऱ्या अंकातली तिन्हीसांज नाहीशी झाली. हॅलोजनचा दिवा डिमरवर उतरवत नेला की आपसूक तांबूस होत जातो. आमची सांज त्या तांबूसपणावर उभी होती. एलईडी उतरवला तर नुसता मंद होतो, रंग बदलत नाही. मग अंबर वेगळा घालून, किती सेकंदांत काय उतरवायचं ते पुन्हा बसवून सांज नव्याने रचावी लागली. दिवे उत्तमच होते. त्यांच्यासाठी योजना नवी हवी होती.

जुन्या गेममध्ये किरण सोडले की नेमकं हेच होतं. हवेत ठेवलेल्या त्या दिव्यांचं काय करायचं, इथून सुरुवात होते. त्यांच्या जागी खरा बल्ब दाखवायचा, की ती जागा अंधारात जाऊ द्यायची? जुन्या भिंतींच्या चित्रांत सावल्या रंगवूनच टाकलेल्या असतात. त्यांवर खरी सावली पडली की एका खिळ्याला दोन सावल्या दिसतात. म्हणून पृष्ठभागही नव्याने करावे लागतात: हे गंजलेलं लोखंड, हे ओलं, हे खडबडीत. लेखात एका वाक्यात आटोपलेलं हे काम कलाकारांचे महिनोन्‌महिने खाणारं आहे.

‘पोर्टल’चं उदाहरण तर आपल्या लेखातच आहे. मूळ गेम २००७चा, किरणांची आवृत्ती डिसेंबर २०२२ची. त्यात भिंतीला पाडलेल्या जादुई भोकातून एका खोलीचा उजेड दुसऱ्या खोलीत सांडतो. जुन्या गेममध्ये हे होत नव्हतं आणि गोष्टीच्या दृष्टीने ते व्हायलाच हवं होतं. इथे किरणांनी मूळ कल्पना पुरी केली, असं मी म्हणेन. पण मूळ खोल्यांमधला सपाट, थंड, कुठेच आडोसा न देणारा उजेड नव्या आवृत्तीत राहिलेला नाही. कोपरे गडद झालेत, दिव्यांभोवती ऊब आली आहे. प्रयोगशाळेत कोंडलेल्या तुमच्यावर प्रयोग चालले आहेत आणि लपायला जागा नाही, हे त्या सपाट उजेडातच होतं. मला जुन्या खोल्या जास्त भेदक वाटतात. भाच्याला नव्या आवडतात. आमचा वाद अजून मिटलेला नाही.

सगळ्या जोडण्या सारख्या नसतात, हेही लेखात यायला हवं होतं. ‘रीशेड’ या, चालू गेमच्या चित्रावर बदल करणाऱ्या प्रोग्रामसाठी पास्कल गिल्चर यांनी लिहिलेला शेडर (उजेड-रंगाचा हिशोब करणारा छोटा प्रोग्राम) गेमच्या आत शिरत नाही. पडद्यावर जे दिसतं आणि ते किती लांब आहे, एवढ्यावरच तो किरणांचा हिशोब करतो. त्यामुळे तो कितीतरी गेमना लावता येतो. पण लाल भिंतीची लाली जमिनीवर दिसत असताना ती भिंत नजरेआड झाली की लालीही जाते. एनव्हिडियाचा ‘आरटीएक्स रीमिक्स’ हा प्रोग्राम खोलवर जातो. जुना गेम कार्डाला ज्या सूचना देतो त्या मध्येच धरून तो सगळं चित्र स्वतः रचतो, आणि म्हणूनच ठरावीक जुन्या पद्धतीच्या गेमवरच चालतो.

‘हाफ लाइफ २’ची नवी आवृत्ती याच साधनावर तयार होते आहे. तिचा नमुना १८ मार्च २०२५ रोजी आला. मूळ २००४चा गेम ज्यांच्या नजरेतून उभा राहिला ते कला दिग्दर्शक व्हिक्टर अँटोनोव्ह मूळचे बल्गेरियातल्या सोफियाचे. त्या गेममधल्या शहराचा फिका उजेड, उंच आकाश, पूर्व युरोपातल्या जुन्या इमारती, हे सगळं त्यांच्या ओळखीचं होतं. नमुना येण्याच्या आदल्याच महिन्यात ते गेले. त्या गेममधल्या रेव्हनहोम गावाच्या गल्लीत अंधार किती असावा, हे आता त्यांना विचारता येणार नाही. नवे लोक मेहनतीने आणि प्रेमाने काम करताना दिसतात. तरी ते जे करतील ती त्यांची प्रकाशयोजना असेल, अँटोनोव्ह यांच्या मूळ चित्राचा त्यांनी लावलेला अर्थ असेल, आणि तसंच तिच्याकडे पाहायला हवं.

बंगाली रंगभूमीचे प्रकाशयोजनाकार तापस सेन यांनी १९५९ मध्ये कोलकात्याच्या मिनर्व्हा थिएटरात एका नाटकात कोळशाच्या खाणीत चढत जाणारं पाणी प्रकाशाने उभं केलं होतं. आमच्या पिढीने ते पाहिलेलं नाही, नुसतं ऐकलं, तरी प्रत्येक प्रकाशवाल्याला ते ठाऊक असतं. खऱ्या पाण्यावर उजेड कसा पडतो याचं गणित तिथे कुणी मांडलं नव्हतं. प्रेक्षकाला बुडणारी माणसं दिसायला हवीत, एवढं सेन यांना पक्कं माहीत होतं.

गेम बनवणाऱ्यांकडून माझी एकच अपेक्षा आहे: जुना उजेड पुसू नका, तो निवडण्याची सोय शेजारीच ठेवा. ‘क्वेक २ आरटीएक्स’मध्ये मूळ पद्धतीचं चित्रण निवडता येतं, म्हणून तर आम्ही दोघं एकच बोळ दोन्ही तऱ्हांनी पाहू शकलो. पुण्यात ॲनिमेशन आणि गेमचे वर्ग चालवणाऱ्यांनाही विनंती आहे की मुलांना एखाद्या नाटकाच्या तांत्रिक तालमीला नेऊन बसवा. दिवा दोन फूट सरकवल्यावर चेहऱ्याचं काय होतं, ते तिथे डोळ्यांनी दिसतं.

आणि आपल्याकडे मागणी अशी. नाटकाचं परीक्षण छापताना आपण नेपथ्य, प्रकाशयोजना, संगीत ही नावं आवर्जून देता. गेमबद्दल लिहिताना कार्डाचा क्रमांक येतो, कंपनीचं नाव येतं, दिवे कुणी लावले ते येत नाही. यापुढे अशा लेखात मूळ गेमची आणि नव्या आवृत्तीची, दोन्हींची प्रकाशयोजना कुणाची होती हे शोधून छापावं. जिथे ती एका माणसाची नसून गटाची असेल, तिथे गटाचं नाव द्यावं.

आपली,
एक प्रकाशयोजनाकार,
सांगली