वाळपईच्या मित्रास, हरवलेल्या एक्स्टेन्शनांबद्दल

फोंडा,
श्रावणातला दुसरा सोमवार

प्रिय मित्रा,

सप्रेम नमस्कार.

काल तुझा फोन आला तेव्हा निम्मं बोलणं पावसाने खाल्लं आणि उरलेलं रेंजने. "कितें जालें रे?" म्हणून मी ओरडत होतो आणि कानावर पडलं ते एवढंच : "गेलं सगळं, वरची चित्रं गेली, पदांची वहीपण गेली." मग कट्. म्हणजे ब्राउझरला जोडलेली तुझी एक्स्टेन्शनं, ती छोटी पुरवणीची साधनं, आणि त्यांतलीच ती पदांची वही. चार वेळा लावला, चारही वेळा तू क्षेत्राबाहेर. म्हणून हे पत्र. भाची उद्या सकाळच्या बसने वाळपईला येते आहे, तिच्या हाती देतो. नाहीतरी हे काम फोनवर सांगण्यातलं नाही. कागद कीबोर्डशेजारी उघडा ठेव आणि एकेक बघत जा.

पण हात लावण्याआधी एक ऐक. काही काढू नकोस आणि काही नव्याने घालूही नकोस. एक्स्टेन्शन नुसतं बंद असलं तर त्याच्या पोटातलं सगळं जागच्या जागी असतं. 'रिमूव्ह' म्हटलंस की ब्राउझर त्याची माहितीही पुसतो. तुला ओळखतो म्हणून बजावतो. पेटीचा एक सूर अडकला की तू भाता खोलून बसतोस.

आता बघ. क्रोमच्या पत्त्याच्या पट्टीच्या उजवीकडे कोड्याच्या तुकड्यासारखं एक चिन्ह असतं. त्यावर टिचकी मार. पुष्कळदा 'गेलेली' एक्स्टेन्शनं तिथे मुकाट बसलेली असतात, फक्त पट्टीवरून उतरलेली. नावापुढची टाचणी दाबली की चित्र परत वर येतं. तसं असेल तर पुढचं पत्र वाचूच नकोस, भाचीला चहा कर.

तिथे काही नसेल तर त्याच्याच शेजारचं गोल चित्र बघ. कोणाचं आहे? मला तुझ्या बोलण्यात "पोरगी आली होती" एवढं ऐकू आलं, आणि माझा संशय तिथेच आहे. पुण्याहून आली, तुझ्या लॅपटॉपवर स्वतःच्या खात्याने शिरली, आणि क्रोमने तिला वेगळं प्रोफाइल करून दिलं असणार. प्रत्येक प्रोफाइलचं बिऱ्हाड स्वतंत्र : खुणा वेगळ्या, पासवर्ड वेगळे, एक्स्टेन्शनंही वेगळी. एकाच वाड्यात दोन चुली. तू तिच्या चुलीपाशी उभा राहून स्वतःचं भांडं शोधतो आहेस. गोल चित्रावर टिचकी मार, खाली दुसरं नाव दिसेल, ते निवड. खिडकी नवी उघडेल आणि बहुधा तुझी पदांची वही तिथे असेल.

खात्री करायची तर पट्टीत इंग्रजी अक्षरांत 'क्रोम', मग कोलन, दोन तिरक्या रेघा आणि 'व्हर्जन' असं टाइप कर. येणाऱ्या पानावर 'प्रोफाइल पाथ' अशी ओळ असते. तिच्या शेवटी 'डीफॉल्ट' असेल तर ते या संगणकावरचं सगळ्यात पहिलं प्रोफाइल, म्हणजे तुझं. 'प्रोफाइल १' किंवा २ असेल तर नंतर आलेलं.

आता समज, लेकीने जाताना आवराआवर केली आणि तिच्याऐवजी तुझंच प्रोफाइल उडवलं. (तिच्यावर चिडू नकोस, दोन्ही गोलांवर तुझाच फोटो लावला असशील.) सिंक, म्हणजे खात्यावर आपोआप प्रत ठेवणं, चालू असेल तर खात्याने आत गेलास की एक्स्टेन्शनांची यादी आपोआप उतरेल. मात्र इथे लोक फसतात. एक्स्टेन्शन परत येतं, त्यातला मजकूर येईलच असं नाही. सिंकमधून मजकूर न्यायला एका एक्स्टेन्शनला जेमतेम १०० केबी जागा मिळते, म्हणून वह्या-टिपणांची एक्स्टेन्शनं मजकूर संगणकावरच ठेवतात. भांडं आलं, भात नाही. मग मजकुराच्या फोल्डरची (तो कुठे ते पुढे सांगतो) जुनी प्रत शोधावी लागेल. मागच्या चवथीला तू पेन ड्राइव्हवर सगळा लॅपटॉप उतरवला होतास ना? तो सांभाळून ठेव, कोणाला गाणी भरायला देऊ नकोस.

प्रोफाइल जागेवर असेल पण वही उघडत नसेल, तर फोल्डर कुठे असतो तेही सांगतो. 'प्रोफाइल पाथ'ची ती ओळ उचलून फाइल एक्स्प्लोररच्या पट्टीत चिकटव, लपवलेला असला तरी थेट उघडेल. आत 'एक्स्टेन्शन्स' नावाचा फोल्डर आणि त्यात विचित्र नावांचे फोल्डर. प्रत्येक नाव बरोबर ३२ अक्षरांचं आणि सगळी अक्षरं इंग्रजी 'ए' ते 'पी' यांच्यातलीच. 'क्यू' किंवा 'झेड' कधीच दिसणार नाही. मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा वाटलं मांजर कीबोर्डवरून चालत गेलं. प्रत्यक्षात ती त्या एक्स्टेन्शनच्या किल्लीवरून काढलेली खूण आहे, सोळा चिन्हांनी आकडे लिहायच्या पद्धतीतली, फक्त शून्य ते एफच्या जागी ए ते पी. कुठला फोल्डर कुणाचा ते कळायला आतली 'मॅनिफेस्ट' नावाची फाइल नोटपॅडमध्ये उघड, बहुतेक वेळा त्यात नाव सापडतं.

आणि मजकूर? तो तिथे नसतो. त्याच प्रोफाइलमध्ये 'लोकल एक्स्टेन्शन सेटिंग्ज' असा वेगळा फोल्डर आहे, त्यात पुन्हा तीच ३२ अक्षरी नावं. तुझी पदं बहुधा तिथे. क्रोम पूर्ण बंद कर आणि तो अख्खा फोल्डर पेन ड्राइव्हवर उतरव. आतल्या फायली उघडून वाचायला जाऊ नकोस, त्या माणसाने वाचायच्या नाहीत.

एवढं सगळं मला कसं ठाऊक, असं तू विचारशीलच. गेल्या वैशाखात माझी स्वतःची फजिती झाली, ती तुला सांगितली नव्हती. लाज वाटली.

आजोबांच्या बाडातल्या नाटकांच्या संहिता मी उतरवून काढतो आहे, ते तुला माहीत आहे. त्या कामाला मी क्रोमऐवजी फायरफॉक्स हा ब्राउझर वापरतो आणि त्यात एक टिपणांचं एक्स्टेन्शन. आजोबांच्या हस्ताक्षरातले अडलेले शब्द, त्यांचे अर्थ, कुठल्या जत्रेच्या प्रतीत कुठला पाठ, असे सहाशे-सातशे शब्द त्यात साठले होते. ब्राउझर जरा जड चालायला लागला. मदतीच्या पानावर 'रिफ्रेश फायरफॉक्स' असं बटण दिसलं. रिफ्रेश म्हटल्यावर आपल्याला काय वाटतं? उन्हातून आल्यावर सोलकढीचा पेला. दाबलं. वर धोक्याची ओळ होती, एक्स्टेन्शनं निघतील म्हणून. ती मी वाचली नाही. दोष माझाच.

ब्राउझर उघडला तो अगदी कोरा करकरीत. खुणा होत्या, पासवर्ड होते, एक्स्टेन्शन एकही नाही.

घाबरून मी तेच केलं जे तुला वर करू नको म्हणालो. एक्स्टेन्शन नव्याने घातलं. उघडलं तर शब्दांची यादी रिकामी. त्या रात्री जेवण गेलं नाही. घरातून "नाटकं कुठे जातात, बाडं तर कपाटात आहेत" असं ऐकावं लागलं. बाडं आहेत, पण दोन वर्षं डोळे फोडून लावलेले अर्थ कपाटात नव्हते.

दुसऱ्या दिवशी कळलं की रिफ्रेश करताना फायरफॉक्स जुनं प्रोफाइल फेकून देत नाही, 'ओल्ड फायरफॉक्स डेटा' नावाने डेस्कटॉपवर ठेवून देतो. माझ्या डेस्कटॉपवर जत्रेचे फोटो इतके पसरलेले की तो फोल्डर पुरुषपात्राच्या मिशांवर बसला होता आणि मला दिसला नव्हता. हर्षाने मी त्यातला एक्स्टेन्शनचा साठा उचलून नव्या प्रोफाइलमध्ये टाकला. यादी रिकामीच! अर्धा दिवस त्यात गेला. मग कारण सापडलं. फायरफॉक्स प्रत्येक प्रोफाइलमध्ये एक्स्टेन्शनला नवं, मनाला येईल ते लांबलचक क्रमांकाचं नाव देतो, आणि साठ्याचा फोल्डर त्या नावाने असतो. नव्या घरी नवं नाव मिळालेलं एक्स्टेन्शन जुन्या नावाच्या पेटीला ओळखतच नाही. कुठल्या एक्स्टेन्शनला काय नाव दिलं ते 'प्रेफ्स' नावाच्या फाइलमध्ये लिहिलेलं असतं, आणि ती जुन्या प्रोफाइलमध्येच.

म्हणजे तुकडे उचलून चालत नाही, बिऱ्हाड अख्खं हलवावं लागतं. जुन्या फोल्डरची आधी प्रत काढली. मग पट्टीत 'अबाउट', कोलन, 'प्रोफाइल्स' टाइप केलं, 'नवं प्रोफाइल' म्हटलं आणि जागा विचारल्यावर त्या प्रतीकडे बोट दाखवलं. नेमकी तेव्हा वीज गेली. इन्व्हर्टर कुरकुरला, पंखा मंदावला. खिडकी उघडली, आणि कोपऱ्यात ते ओळखीचं पिवळं चित्र. टिचकी मारली. सगळ्यात वर मी शेवटचा लिहिलेला शब्द होता, 'विंगेत'. त्याच्यापुढे प्रश्नचिन्ह. तो शब्द अजून मला नीट लागलेला नाही, पण त्या रात्री ते प्रश्नचिन्ह बघून जे वाटलं ते काय सांगू. लगेच 'एक्स्पोर्ट' करून यादीची साधी फाइल केली आणि दोन ठिकाणी ठेवली.

तर मी आणि तू काही पहिले नव्हे. ४ मे २०१९ला जगभरच्या फायरफॉक्समधली एक्स्टेन्शनं एका झटक्यात बंद पडली. एक्स्टेन्शन खरं आहे हे पटवणाऱ्या सहीमागचं एक प्रमाणपत्र मुदत संपून बाद झालं, बाकी काही बिघडलेलं नव्हतं. ब्राउझर दर चोवीस तासांनी सह्या तपासतो, त्यामुळे कोणाची सकाळी गेली, कोणाची दुपारी, आणि प्रत्येकाला वाटलं आपणच काहीतरी केलं. दुसऱ्या दिवशी ६६.०.४ ही दुरुस्त आवृत्ती आली. फायरफॉक्स बनवणाऱ्या मोझिलाने तेव्हा लोकांना हेच सांगितलं होतं : काढून परत घालू नका, माहिती जाईल. ज्यांनी धीर धरला त्यांचं बहुतेक सगळं परत आलं.

तसंच १४ मार्च २०२५ला आणखी एक मूळ प्रमाणपत्र संपलं, पण या वेळी आधी सूचना होती. फायरफॉक्स १२८ किंवा पुढचा असेल तर त्रास नाही. तुझ्या काजूच्या कारखान्यातल्या हिशेबाच्या जुन्या यंत्रावर विंडोज ७ आहे, त्याला १२८ चढणार नाही. त्याच्यासाठी ११५ची दीर्घ मुदतीची आवृत्ती आहे, ती ११५.१३ किंवा त्यानंतरची हवी. तिथे एक्स्टेन्शनं रुसली असतील तर कारण हे.

आता वहिनींचं. त्यांचा जाहिराती अडवणारा 'यूब्लॉक ओरिजिन' क्रोममध्ये राखाडी होऊन बसला असेल तर तो हरवलेला नाही आणि शोधूनही चालू होणार नाही. क्रोमने एक्स्टेन्शनांचे नियमच बदलले. जुनी 'मॅनिफेस्ट व्ही २' पद्धत २०२४पासून हळूहळू बंद करत आणली आणि २०२५मध्ये पुरती संपवली. यूब्लॉकचे कर्ते रेमंड हिल यांनी नव्या नियमात बसणारा 'यूब्लॉक ओरिजिन लाइट' काढला आहे, तो घाला. ताकद थोडी कमी. फायरफॉक्समध्ये मूळचा अजून चालतो. माझं मत विचारशील तर वहिनींना फायरफॉक्सवर आण, पण घरातला ब्राउझर बदलणं म्हणजे पदेर (पाववाला) बदलण्यासारखं, चार दिवस कुरकुर ऐकावी लागेल.

काही एक्स्टेन्शनं मात्र परत न आलेलीच बरी. 'द ग्रेट सस्पेंडर' नावाचं एक फार लोकप्रिय होतं, वापरात नसलेले टॅब झोपवणारं. मूळ कर्त्याने ते विकलं आणि नव्या मालकाच्या हाती ते बिघडलं. फेब्रुवारी २०२१मध्ये गूगलने ते घातक ठरवून सगळीकडे बंद केलं. त्याबरोबर लोकांचे झोपलेले टॅबही गेले. पण इतिहासात त्या टॅबांचे पत्ते राहिले होते, आणि प्रत्येक लांब पत्त्याच्या शेपटीला मूळ पानाचा पत्ता चिकटलेला होता. लोकांनी शेपट्या कापून पानं परत मिळवली. मला ही युक्ती फार आवडली. म्हणून क्रोमने लाल अक्षरांत काही बंद केलं असेल तर आधी का ते वाच, हट्टाने चालू करू नकोस.

बाकी किरकोळ : गुप्त खिडकीत एक्स्टेन्शनं परवानगी दिल्याशिवाय दिसत नाहीत, तेव्हा खिडकी काळी तर नाही ना बघ. आणि नावापुढे 'रिपेअर' बटण आलं असेल तर फाइल बिघडली आहे. ते दाबण्याआधीही वर सांगितलेल्या मजकुराच्या फोल्डरची प्रत काढ.

पाऊस इथे थांबलेला नाही, अंगणात शेवाळ चढलंय. यंदा चवथीला गणपतीवर टांगायच्या माटोळीचं सामान तुझ्याकडून येणार की बाजारातून घेऊ, ते कळव. फोंड्याच्या बाजारात आटक्या-माटक्यांचे भाव ऐकले तर घाम फुटतो. रानातून आणलंस तर घागऱ्या आणि कांगल्या जास्त आण. वहिनींना नमस्कार, लेकीला आशीर्वाद.

तुझा,
विंगेतला सोबती

ता. क. प्रोफाइल बदलूनही वही सापडली नाही तर 'एक्स्टेन्शन्स' फोल्डरमधली ती ३२ अक्षरी नावं कागदावर उतरवून भाचीजवळ दे, ती शुक्रवारी परतणार आहे. अक्षरं सुटी सुटी काढ. तुझा 'एम' आणि 'एन' एकसारखा असतो.